माडीचं घर कागदावर आमचं

१२ जानेवारी
आम्ही काकांच्या घरात राहतो! आणि काका आमच्या. म्हणजे कागदावर.

छप्पर बदलायला परवानगी हवी, म्हणून नोंदणी कचेरीतून वाटणीच्या दस्ताची नक्कल काढली. बाबांच्या नावापुढे घर क्रमांक एक. नकाशात एक म्हणजे भिंतीपलीकडचं, माडीचं. आमचं गळकं बैठं घर दोन, आणि ते काकांच्या नावावर. खिडकीतल्या चष्मेवाल्या बाई म्हणाल्या, "मोठं घर मिळालंय की. मग तक्रार कसली?"

मी नक्कल घडी करून खिशात घातली आणि घरी निघालो.

१३ जानेवारी
आईला विचारलं तेव्हा उलगडा झाला. नोंदणीच्या वेळी मधल्या भिंतीवरून भावाभावांत बिनसलेलं. बाबांनी रस्त्यावर उभं राहून नकाशा काढला — डावीकडून एक, दोन. बाबा उभे राहिले तिथे उभं राहायचं नाही, म्हणून काकांनी परसातून काढला — तेही डावीकडून एक, दोन. कचेरीने मजकूर बाबांचा घेतला आणि नकाशा काकांचा!

आता बाबा नाहीत. भांडण मात्र आईने जपून ठेवलंय.

१५ जानेवारी
काकांकडे पुन्हा दलाल आला होता. गुडघ्यांमुळे त्यांना माडी चढवत नाही, विकायचं मनात आहे. पण कागदावर त्यांचं आहे ते आमचं घर. विकलं तर आम्ही जायचं कुठे? जेवण गेलं नाही.

१६ जानेवारी
दुरुस्तीच्या अर्जावर दोन्ही घरच्या सह्या लागतात. अर्ज मी लिहिला. नववीत शाळा सुटली, पण पाट्या रंगवतो, त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ चुकत नाही. काकांनी पूर्ण वाचला, "मास्तर, अक्षर छान आहे," म्हणाले आणि सही केली. आईने नंतर केली. त्यांच्या सहीपासून शक्य तितकी लांब.

बाई म्हणाल्या, वेळ लागेल. किती, ते त्यांनाही माहीत नव्हतं.

२ फेब्रुवारी
अवकाळी पाऊस. स्वयंपाकघर गळतंय. बादली ठेवायला गेलो तर आईने अडवलं. "मालकाला सांग."

मालक भिंतीपलीकडे पाच हातांवर उभे. त्यांनी ऐकलंच होतं, तरी मला जाऊन सांगावं लागलं. त्यांनी मला सांगितलं, मी आईला सांगितलं — येतो म्हणून. आले! गुडघे धरत शिडीवर चढले आणि छपराला डांबर लावून गेले. घर आपलं आहे, पडू कसं द्यायचं, असं पुटपुटत.

५ फेब्रुवारी
काकू माडीच्या भिंतीत खिळा ठोकत होत्या. आई खिडकीतून म्हणाली, "काकूला सांग, माझ्या भिंतीला भोकं पाडू नका."

काकूंनी खिळा काढला. वर आईला घर बघायला बोलावलं (माझ्यामार्फत). आई माडीवरच्या मोठ्या खिडकीपाशी बराच वेळ उभी होती. मला हे लक्षण ठीक वाटेना.

२० फेब्रुवारी
आज मी दिवसभर भिंतीच्या या बाजूने त्या बाजूला. पाय तुटले.

काका — आईला सांग, तुमच्याकडे जिना नाही, हे बरं आहे.
आई — काकांना सांग, तुमच्याकडे उजेड आहे.
काका — सांग, कागदाप्रमाणेच राहू या की.
आई — सांग, मोरीची फरशी तेवढी बदलून घेते म्हणावं.

म्हणजे घरंच बदलायची! दलालाला काकांनी दारातूनच परत पाठवलं. मी पहिल्यांदा पोटभर जेवलो.

२१ फेब्रुवारी
अर्ज मागे घ्यायला कचेरीत गेलो. बाईंनी गठ्ठ्याकडे बोट दाखवलं. "तुमचा सगळ्यात खाली आहे. वर्षभर त्याला कोण हात लावतंय? जा निवांत." लेखी द्या म्हटलं, तर हसल्या.

निवांत कसला. मला लेखीच हवं होतं.

३ मार्च
सामान हलवलं. खोकी, गाद्या, पिंप, पाटा. परसातल्या अरुंद बोळातून कपाट जाईना, तेव्हा काकांनी मधल्या भिंतीला दार पाडलं. ज्या भिंतीवरून सगळं झालं, तीच!

मोठी खिडकी आता आईची. काका जमिनीवर पाय पसरून बसलेत. दोन्ही दारांना मी नावांच्या नवीन पाट्या रंगवल्या. चार वेळा तपासल्या.

४ मार्च
काही नाही. झोप छान लागली.

५ मार्च
सकाळी कचेरीचं पत्र. गठ्ठा उचलताना उलटला, म्हणून सगळ्यात खालचे अर्ज आधी निकाली निघाले. आमची दुरुस्ती मंजूर. बैठं घर आमच्या नावावर, माडी काकांच्या.

मी पत्र मोठ्याने वाचलं. पाट्यांचा रंग अजून पुरता वाळलेला नाही. नव्या दारात काका आणि आई उभे.

मग काका म्हणाले, "वहिनी, खोकी फेकली नाहीत ना?"

"नाही, भाऊजी. राहू द्या आहे तसंच. चहा टाकते."

मला कोणी कोणाला काही सांगायला सांगितलं नाही.