भोंगा रडत नाही

सोमवार, ता. ४

ती. वन्सं यांना,

शि. सा. न. वि. वि. एवढी अक्षरं तुमच्या भावानं जहाजावर जाताना कागदावर लिहून दिली होती, ती बघून उतरवली. पुढचं माझं आहे. चुकलं तर हसू नका.

काल रात्रभर मी झोपले नाही. भोंगा रडला म्हणून नाही, रडला नाही म्हणून. चार महिन्यांचं पोर, त्याचा आवाज ऐकून सफरचंदांच्या बागेतल्या राखणदारांनी त्याला भोंगा नाव पाडलं, आणि तेच पोर दिवस मावळल्यापासून गप्प. दूध मागायला उठलं नाही. मी सारखी नाकाखाली बोट धरून बघत होते. श्वास चालू होता. सासूबाई म्हणाल्या, रडलं तरी तुझी कुरकुर, नाही रडलं तरी कुरकुर, तुला नक्की काय हवंय ते एकदा ठरव. त्याचं पोटही बरेच दिवस साफ झालेलं नाही. त्याला पण त्या म्हणतात, होईल, पोट आहे, घड्याळ नाही.

आता कामाचं. तुम्ही दुकानावर डंपलिंग म्हणून पाटी लावलीत, आम्ही दोघी वर गाठोडीच म्हणतो. लाटलेल्या मैद्याचा चौकोन, त्यावर सोललेलं अख्खं सफरचंद, बी काढून मधे जे भोक पडतं त्यात लोणी, साखर, दालचिनी आणि जायफळ, मग चारी कोपरे वर ओढून चिमटा. रागानं माहेरी निघालेल्या बाईचं गाठोडं असतं ना, तसंच दिसतं. भट्टीत जाताना अर्धा पाक ट्रेमध्ये, उरलेला मधेमधे चमच्यानं वरून. सगळं तुम्ही सांगता तसंच करते. तरी डोंगरावरून तारेवर सोडलेल्या पेटीतून खाली तुमच्या दुकानात येईपर्यंत बूड भिजतं, त्याला मी काय करू? मधल्या खांबावर पेटीला असा हिसका बसतो की मला इथून दिसतो.

मध घालायला सांगितलंत ते मात्र बरोबर निघालं. पंधरवडा झाला, पाक गार झाला तरी दाणे धरत नाही. सासूबाई खूश आहेत. चिमटीत धरून तार बघतात आणि तेच बोट भोंग्याच्या तोंडात देतात. रोज. तो मिटक्या मारायचा. कालपासून तेही नाही.

रस्ता खचला, फोनचा खांब पडला, राखणदार हंगाम संपला म्हणून खाली गेले, आता इथे आम्ही अडीच माणसं. खालून माझ्या दादाला कळवाल का? मागच्या रानातून जीप आणणारा तोच एक आहे.

लोभ आहे, तो घट्ट राहू द्या, पाकासारखा पातळ करू नका.

तुमची,
धाकटी

---

मंगळवार, ता. ५

चि. सौ. धाकटीस,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र मिळालं. मिळालं म्हणजे ट्रेच्या तळाशी सापडलं. पुन्हा पत्र ट्रेखाली ठेवलंस तर मी ते चाटून वाचणार नाही. वरच्या फडक्यावर ठेवत जा.

अगं, पोर झोपतं म्हणून रडणारी आई मी आजवर पाहिली नव्हती. माझ्या दोघांनी मला वर्षभर पाठ टेकू दिली नाही. तेव्हा कोणी मला सांगितलं असतं की पोर गप्प आहे, तर मी त्याला हार घातला असता. आई म्हणते ते खरं आहे. तू पण झोप. झोपेशिवाय लाटतेस म्हणून कडा जाड येतात.

कडांचं ऐक. चौकोनाच्या कडेला पाण्याचं बोट फिरव आणि मग चिमटा, म्हणजे भट्टीत तोंड उघडणार नाही. काल आलेल्या निम्म्या गाठोड्यांची तोंडं उघडी होती, आत सफरचंद उघडं पडलेलं. एक गिऱ्हाईक म्हणालं, हे काय, आ करून बघतंय माझ्याकडे.  आणि भरून पाठवलेल्यातलं एक कमी आलं. तारवाला म्हणतो, मधल्या खांबावर पडलं. त्याच्या मिशीला दालचिनी होती.

आता पाक वेगळा पाठव, बाटलीत. मी इथे गरम करून वाढीन. बूड भिजायचं नाही. मध वाढव, लोकांना आवडलाय. बरणी या पेटीतून वर पाठवली आहे.

दादाचं म्हणशील तर उठसूट भावाला हाक मारू नकोस. बाळंतपणात तुला ताप आला तेव्हा तो आला आणि आईला काय काय बोलून गेला ते विसरलीस काय? आईनं तेव्हाच सांगितलंय, तो या उंबऱ्यात पुन्हा नको. घरातलं घरात राहू दे.

भोंग्याचे माझ्याकडून गाल ओढ. तुझ्यावर माया आहे, पण कडा बारीक लाट, म्हणजे आणखी राहील.

तुझी,
मोठी नणंद

---

गुरुवार, ता. ७

ती. वन्सं यांना,

शि. सा. न. वि. वि. पत्र वरच्या फडक्यावर आहे.

पाक बाटलीत भरला. कडेला पाणी लावलं. तोंडं मिटली, बुडं कोरडी राहिली, एकूण एक गाठोडं शहाण्यासारखं बसलंय. आता गिऱ्हाइकाकडे कोणी आ करून बघणार नाही. झालं समाधान?

माझं नाही झालं. तुम्ही गाल ओढायला सांगितलंत. ओढले. तो हसला नाही, रडला नाही. पूर्वी असं केलं असतं तर खिडकीच्या काचा हलल्या असत्या. आता रडतो तो मांजराचं पिल्लू पोत्यात अडकल्यासारखा. अंगावर पाजायला घेते तर दोन घोट ओढतो आणि दमतो. दूध ओठाच्या कडेनं बाहेर येतं. माझी छाती दुधानं दगड झालीय. मी म्हटलं, ह्याला बरं नाही. सासूबाई म्हणाल्या, तुझं दूध जास्त आहे, पोर सुस्त होतं. कालच म्हणत होत्या, तुझं दूध कमी आहे, पोर कुरकुरतं. वन्सं, मला एक सांगा, माझ्या दुधाचं माप घरातल्या सगळ्यांना माहीत आहे, मलाच कसं नाही?

पापण्या अर्ध्याच उघडतो. सासूबाई म्हणतात बापावर गेलाय, तोही असाच अर्धे डोळे मिटून बसायचा. असेल. पण बाप मान धरायचा ना? भोंगा मागच्या आठवड्यात मान धरायला लागला होता. मी तुम्हाला लिहिणार होते, गाठोड्यांच्या नादात राहिलं. आता खांद्यावर घेतला की मान मागे पडते. मी हात लावून धरते.

मी चिडले आणि बोलले, तुम्ही भट्टीतल्या सफरचंदाला दर थोड्या वेळानं सुई टोचून बघता की मऊ झालं का, माझं पोर मऊ पडत चाललंय तर कोणी बघत नाही. त्या उठून पाकाकडे गेल्या. थोड्या वेळानं पाकाची तार बघून नेहमीसारखं बोट त्याच्यापुढे केलं. म्हणाल्या, गोड लागलं की खुलेल. त्यांना वाटतं त्यातून मायाच जाते. आणि जात असेलही. 

दादाचं तुम्ही म्हणता ते मला कळतं. तो तेव्हा जास्त बोलला. पण वन्सं, तो आला म्हणून मी दवाखान्यात पोचले, हे पण खरं ना? खाली ओळखीचे डॉक्टर असतील तर नुसतं विचारून तरी ठेवा. मी तुमच्या पाया पडते.

लोभ कमी झाला असला तर आता थोडा वाढवा, गरज आहे.

तुमची,
धाकटी

---

शुक्रवार, ता. ८

चि. सौ. धाकटीस,

अनेक आशीर्वाद. गाठोडी सुंदर आली. दुपारच्या आत संपली. पाक गरम करून वाढला तर लोक ताटली चाटायला लागले, आणि तारवाल्याला एकही मिळालं नाही म्हणून तो माझ्याशी बोलत नाही. तुझं कौतुक आहे.

डॉक्टरांचं, सोमवारी दवाखान्याकडे जाणं आहे तेव्हा विचारते. तुझं पत्र मी वाचलं, पण तू पण जरा शांत हो. पहिलटकरणीला सगळंच भयंकर दिसतं. मी पण माझ्या थोरल्याला उचकी लागली तर शेजारणीला उठवायची. आईनं तीन पोरं वाढवली आहेत, एकही मोडलं नाही, एक तर मी आहे.

आणि डोक्याला एक नवीन ताप. मधाची गाठोडी अशी पाटी लावली, तर आपली ती नर्स बाई, दर आठवड्याला दोन नेते ती, ती म्हणाली की खोक्यावर छापून घ्या, एक वर्षाच्या आतल्या बाळाला हे द्यायचं नाही. मी म्हटलं, बाई, बाळ गाठोडं कसं खाईल, दात तरी आहेत का? तर म्हणे पाकातला मध, बोटभर चाटवला तरी नको, आणि शिजवला म्हणून चालतं असंही नाही. का ते सांगायला लागली होती, पण मागे रांग, सुट्टे पैसे संपलेले, मी म्हटलं, बरं बरं, छापते. आता सांग, एवढ्याशा खोक्यावर किती छापू? नाव छापू की नर्सबाईंचं कीर्तन? तूच वरून प्रत्येक खोक्यावर पेनानं लिहून पाठव, तुझं अक्षर हल्ली सुधारलंय. मोठ्या अक्षरात, लहान बाळांना देऊ नये.

उद्या मी दुकानात नाही. लोणी घ्यायला पलीकडच्या बाजारात जातेय, उशिरा येईन. तारवाला पेटी उतरवून ठेवेल, किंवा दुकानातली मुलगी.

आईला नमस्कार सांग. मी तुझ्यावर रागावते तरी माझ्यासारखी माणसं तुला पुढे हवीच आहेत, हे ध्यानात ठेव.

तुझी,
मोठी नणंद

---

शनिवार, ता. ९, सकाळ

पेटी जो कोणी उघडेल त्याला,

नमस्कार. तुम्ही तारवाले भाऊ असाल किंवा दुकानातली मुलगी, मला माहीत नाही. पेटीत आज काही माल नाही, शोधू नका. हा कागदच माल आहे. पेटी येतेय हे सांगणारी घंटा अवेळी ओढली म्हणून रागावला असाल तर नंतर रागवा, आधी वाचा.

मी वरच्या बागेतली सून, गाठोडी करणारी. माझं बाळ चार महिन्यांचं आहे. त्याला पंधरवड्याहून जास्त दिवस रोज मधाचा पाक चाटवला गेला. वन्संचं पत्र आत्ता पेटीतून वर आलं, तेव्हा कळलं की एवढ्या लहान बाळाला मध देत नाहीत. आधी त्याचं पोट साफ होईना. मग रडणं गेलं. मग दूध ओढायची ताकद गेली. आता मान पडते, हात सोडला की हात खाली पडतो, डोळे नीट उघडत नाहीत. आज एकदाच ओढायचा प्रयत्न केला आणि श्वास लागल्यासारखं झालं. मी शिकलेली नाही. त्याला काय झालं ते मला सांगता येत नाही. पण मध हे सांगता येतं. ते दवाखान्यात आधी सांगा.

मी सासूबाईंना पत्र वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, आम्ही काय पोरं वाढवली नाहीत का, नर्सा काहीही सांगतात.  मी भोंग्याला उचलून त्यांच्या हातात दिला. मान धरायला लागला तेव्हा देत होते तसाच, मानेखाली हात न धरता. मान मागे गेली. त्यांनी ती धरली. मग म्हणाल्या, लिही, तुझ्या भावाला बोलाव, माझ्या नावानं बोलाव, म्हणावं उंबरा माझा आहे आणि मी तुला बोलावते आहे. बोट पदराला पुसत बसल्या आहेत, कोरडं झालं तरी पुसतात.  त्यांना बोल लावायला वेळ नाही, आणि मध पाकात घालताना मीच ढवळत होते.

पायवाट वाहून गेली आहे, पोराला छातीशी धरून त्या दरडीवरून मी उतरू शकत नाही. एकदा मनात आलं की ह्या पेटीतच त्याला ठेवून खाली सोडावं. फडकं पण अंथरलं. मग मधल्या खांबावरचा हिसका आठवला, आणि वारा सुटला की पेटी अर्ध्यावर थांबते ते आठवलं. फडकं काढून घेतलं.

रस्त्यानं गाडी येत नाही. मागच्या रानातून फक्त जीप येते, आणि तो रस्ता फक्त माझ्या भावाला माहीत आहे. लाकडाच्या वखारीत कामाला आहे. त्याचा नंबर ह्या कागदाच्या मागे मोठा लिहिला आहे, पुसू नये म्हणून दोनदा गिरवला आहे. पहिल्यांदा उचलणार नाही, करवतीच्या आवाजात त्याला ऐकू येत नाही. पुन्हा लावा. तरीही उचलला नाही तर वखारीत माणूस पाठवा. त्याला सांगा, येताना दवाखान्यातला डॉक्टर बरोबर घे, डॉक्टर येत नसेल तर नुसता ये, आम्ही बाळाला घेऊन तयार बसलो आहोत, दारात. सांगा की सासूबाईंनी बोलावलंय, म्हणजे तो अडणार नाही.

वन्सं आल्या की त्यांना दाखवा, पण त्यांची वाट बघू नका. त्या पण रागावणार नाहीत, मला माहीत आहे.

तुम्ही जे कोणी आहात, तुमच्यावर माझा आता जन्मभराचा लोभ. पेटी रिकामीच वर सोडा आणि घंटा दोनदा ओढा, म्हणजे मला कळेल की कोणीतरी वाचलं. घंटा नंतर. आधी माझ्या दादाला फोन करा.