अण्णाचं टीव्हीवरचं मरण

प्रिय अण्णा,

आज चौकातला तुझ्या श्रद्धांजलीचा फ्लेक्स उतरवला. पोरांनी त्यावर तुझा हवालदाराच्या टोपीतला फोटो टाकला होता. साधा फोटो कुणाकडे सापडलाच नाही. महिनाभर येणारा-जाणारा विचारायचा, हे पोलिसात होते का? घरात माणसांची रीघ होती. आज शांत आहे, म्हणून तुझ्याशी बोलायला बसले.

आधी भांडते. लातूर जिल्हा नवा झाला, कचेरी उघडली आणि तुला तिथं कारकुनी लागली. दुष्काळानं विहीर कोरडी पडलेली, घरात पगार आणणारा तू एकटा. आणि वर्षभरात राजीनामा देऊन नट व्हायला मुंबईला पळालास! तिथं पहिलं काम कोणतं मिळालं? कारकुनाचंच. मग हवालदार, वकील, नायिकेचा मामा. आपल्या उदगीरकरांना नायकाचं नाव आठवायचं नाही, पण 'नंदाचा अण्णा दिसला' एवढं सांगायला गल्ली धावत यायची.

मग ते टीव्हीवरचं मरण. तिशीतच तुझे केस पांढरे करून तुला म्हातारा बाप केलं होतं. शेजारच्यांच्या टीव्हीसमोर अव्वा सगळ्यांत पुढं बसलेली. तू मेलास तेव्हा ती हसली, नाटक हाय म्हणाली. पण तुला सरणावर आडवं ठेवलं आणि मालिकेतल्या तुझ्या पोरानं अग्नी दिला, तशी ती उठली ती थेट घरी. आपण लिंगायत, आपल्यात माणसाला बसवून माती देतात. आणि तिच्या पोटच्या पोराला तिच्या देखत कुणीतरी जाळत होतं. त्या दिवशी ती जेवली नाही, नुसती रडत होती. पुढं तू गावी आलास तेव्हा तिनं तुझ्याकडून शब्द घेतला, पुन्हा सरणावर चढायचं नाही.

मला वाटलं, 'हाव, हाव' म्हणशील आणि विसरशील. नाही विसरलास. सिनेमात नायकाच्या बापाचं केवढं मोठं काम आलं होतं! शेवटी चिता होती म्हणून सोडून आलास. मी म्हटलं, अव्वा कुठं थेटरात जाते?

"मरण खोटं होतं नंदे," तू म्हणालास, "पण अव्वाचं रडणं खरं होतं की."

तसं काम पुन्हा आलं नाही. मला अजून राग येतो, अण्णा. तुझाही आणि अव्वाचाही.

आणि एवढं सगळं करून, आपल्यात माती देतात हे तिकडं एकालाही सांगून ठेवलं नव्हतंस? तू गेलास तेव्हा मुंबईच्या दवाखान्यात तुझे सोबती जमले. जीव लावणारी माणसं, पण सगळे म्हणत होते, उन्हाळा आहे, उदगीर लांब आहे, इथंच विद्युतदाहिनीत नेऊ. मी एकटी नाही नाही म्हणत राहिले. मग एक पांढऱ्या दाढीचा माणूस पुढं आला. म्हणाला, मी सुहास, मालिकेत यांना अग्नी दिला तो मीच. मला आधी त्याला हाकलून द्यावंसं वाटलं. पण त्यानंच गाडी ठरवली, बर्फ आणला आणि उदगीरपर्यंत तुझ्या उशाशी बसून आला.

अव्वानं त्याला बघताक्षणी ओळखलं. इतक्या वर्षांनी, दाढीसकट! मी घाबरलेच. शेतात तुला बसवलं होतं, डोक्याला रुमाल, कपाळाला विभूती, तळहातात इष्टलिंग. विधी सांगणाऱ्या जंगमांनी विचारलं, पहिली माती कोण देणार? तुला ना पोर ना बाळ. तेव्हा अव्वानं पुढं होऊन सुहासचा हात धरला.

"त्या बारीला चुकलास बाबा," ती म्हणाली. "आता आपल्यावानी माती दे."

त्यानं दिली. मग असा रडला की अव्वाच त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

निघताना तो माझ्या पाया पडला आणि आत्या म्हणाला. माझ्याहून फार तर चार-पाच वर्षांनी लहान असेल! अण्णा, तुझ्यासाठी मी किती मुली बघितल्या, एकीलाही हो म्हणाला नाहीस. तरी मला भाचा देऊन गेलास. शब्द देते, तो कधीही येवो, या घरात त्याला कुणी पाहुणा म्हणणार नाही.

तुझी धाकटी बहीण आणि सुहासची आत्या,
नंदा