हिरव्या दोऱ्याची खडीसाखर

३ एप्रिल

पोचले एकदाची कोल्हापुरात! नेसरीहून निघालेली एसटी वाटेत दोनदा बंद पडली, तरी माझा उत्साह तसूभरही कमी झाला नाही. गंगावेशीजवळ बयाबाईंच्या खडीसाखरेच्या कारखान्यात काम मिळालंय आणि वर माडीवर एक खोलीही. नवऱ्याने दुसरा संसार थाटला त्याला तीन वर्षं झाली. आता त्याच्या नावाने बोटं मोडायलाही मला वेळ नाही. जूनमध्ये मोनाला इथल्या शाळेत पहिलीत घालायचं, एवढं एकच डोक्यात आहे. तोवर ती माझ्या ताईकडे राहील. निघताना रडली नाही, मुलखाची हट्टी. पुढचा दात पडलाय, त्या फटीतून जीभ काढून दाखवत राहिली. मी साडीच्या हिरव्या काठातला दोरा ओढून तिच्या मनगटाला बांधला आणि सांगितलं, हा सुटायच्या आत मी न्यायला येते.

६ एप्रिल, रविवार

काम सोपं आहे. घट्ट पाकात दोरे सोडायचे, भांडी गोणपाटाने झाकायची आणि आठवडाभर त्यांना धक्का लागू द्यायचा नाही. मग दोऱ्यावर खडे धरतात. बयाबाई सत्तरीच्या आहेत, प्रेमाने बोलल्या तरी भांडतायत असं वाटतं. स्वतः गोडाला शिवत नाहीत, शुगर आहे म्हणतात. अंगणात झुंबरबाई नावाची म्हातारी दोऱ्यांचा गुंता सोडवत बसते. आज तिचा मुलगा जोतीराम भेटायला आला, तर तिने त्याला पाण्याचा तांब्या दिला आणि विचारलं, "कुठनं आलासा, पावणं?" मला हसू आवरेना. वय झालं की असं होतंच. जोतीराम पाणी न पिताच गेला.

१५ एप्रिल

कारखान्याच्या आतल्या खोलीत काय चालतं ते आज कळलं. माणसाने कुणालाच न सांगितलेली गोष्ट त्याच्या अंगावरच्या दोऱ्यात उतरते. करदोडा असो की गंडा. तो दोरा पाकात सोडला, खडे धरले आणि एक जिभेवर विरवला, की चाखणाऱ्याला ती गोष्ट दिसते. दिसेल ते तिथल्या तिथे लिहायचं, नाहीतर निसटतं. बयाबाईंना शुगर, म्हणून चाखायला मी. बदल्यात मोनाच्या शाळेचं त्या बघणार.

आजऱ्याचे दोघे भाऊ मेलेल्या वडिलांचा करदोडा देऊन गेले होते. खडा विरला. विहिरीतून एक बाई हाका मारत होती आणि म्हातारा काठावर बसून विडी पेटवत होता. विडी संपली, मग हाकाही संपल्या. मी लिहिलेलं वाचून धाकट्या भावाने कागद थोरल्याच्या हातात दिला. ती त्यांची आई होती.

२ मे

कागल एमआयडीसीतला धैर्यशील स्वतःचाच दोरा घेऊन आला. मेलेल्याचा खडा नुसता सांगतो, जित्याचा खडा मात्र त्याच्याकडून ते घेऊनच जातो. याने मशीन मुद्दाम चालू केलं होतं. मशीनवरच्या जोडीदाराची चार बोटं गेली. खडा विरला तसा धैर्यशील मोकळा हसला आणि मिसळ कुठे चांगली मिळते ते विचारून गेला. ती बोटं आता माझ्या डोक्यात पडून आहेत.

सकाळपासून मला आईचा चेहरा आठवत नाही. बयाबाईंना विचारलं.

"जागा लागती की," त्या म्हणाल्या. "नवं आत आलं की जुनं भाईर सरकतंय. इचार की झुंबरबाईला." आणि हसल्या.

असा संताप आला, आजच चालू पडावं असं वाटलं. पण शाळा जूनमध्ये सुरू होईल, आणि मोजकेच खडे उरलेत असं बयाबाई म्हणतात. मोनाचं सगळं इथे लिहून ठेवते. पुढचा दात नाही. हनुवटीवर कांजिण्यांचा वण. दूधभात आवडतो. झोपताना माझा कान धरून झोपते. लिहिलेलं कुठे जाणार आहे?

१९ मे

आणखी चार खडे झाले. संध्याकाळी एक पोरगी फोन करते, आई, आई म्हणते. नंबर चुकलाय म्हणून सांगितलं, तरी रोज करते. शेवटी फोन बयाबाईंकडे देऊन टाकला.

मागची पानं वाचली. मोना, मोना, मोना. अक्षर माझं. बयाबाई म्हणाल्या, "चाखलेलं असंल कुणाचंतरी. तुझं न्हाय ते."

बरोबर असावं. विहीर माझी नाही, बोटं माझी नाहीत. मग मोना तरी माझी कशी असेल?

३१ मे

फाटकात एक बाई आणि एक पोर. कुठनं आलासा पावणं, मी विचारलं. बाईने मला धरून गदागदा हलवलं. खूप रडली. पोर रडली नाही, नुसती माझ्या कानाकडे बघत राहिली. ती जेवत नाही, बोलत नाही म्हणे. तिच्या मनातलं काढून टाकू, पोर पुन्हा हसायला लागेल, असं बयाबाईंनी त्या बाईला समजावलं. मनगटावरचा दोरा कापला, तेव्हा मात्र पोर किंचाळली.

७ जून

दोरा हिरवा. माझ्या साडीच्या काठासारखा. योगायोग.

पोर आणि तिची मावशी बाहेर बसल्यात. बयाबाई समोर पेढा खातायत. दुसरा. म्हणजे शुगर नाहीच — लिही, म्हणाल्या.

खडा ठेवला.

एसटी स्टँड. खूप उंच दिसणारी बाई — हिरवा काठ — दोरा ओढते — गाठ — हा सुटायच्या आत मी —

आवाज माझा आहे.

अंधार. हातात कान, ऊबदार — माझा कान —

मोना. माझी मोना. थुंकते — बयाबाईंनी तोंड दाबलंय — नको, निम्मा तरी राहू दे —

विरला.

दार उघडलं. मोना हसतेय. पुढचा दात आलाय. मी हाक मारली. मावशीच्या मागे लपली. मावशीला विचारतेय, ही बाई कोण, आणि अशी का रड—