सही करून टाक

अहो,

मी पेन्शनच्या ऑफिसात जातेय. जेवण झाकून ठेवलंय, बीपीची गोळी जेवल्यावर घ्या.

काल वसुलीचं संमतीपत्र माझ्यापुढे सरकवलंत, वर पेन ठेवलंत आणि "सही करून टाक, कशाला डोक्याला ताप" म्हणून खुशाल घोरायला लागलात. मला मेलीला डोळ्याला डोळा नाही. हॉस्पिटलवाल्यांनीच मला वॉर्डची इन्चार्ज सिस्टर केलं, पगारही त्यांनीच वाढवला. आता मी रिटायर होऊन बसल्यावर म्हणतात, ती पोस्ट मंजूरच नव्हती, वाढीव पगार पेन्शनमधून कापणार! मग औषधांच्या कपाटाच्या किल्ल्या इतकी वर्षं माझ्या कमरेला कशाला लटकवल्या होत्या? तेच तोंडावर विचारून येते. काम केलं ते खरं, पगार तेवढा चुकीचा?

मुलाला फोन करू नका. तो लगेच पैसे पाठवेल, आणि तुम्ही गुपचूप भरून मोकळे व्हाल. तुमचा स्वभाव मला नवा नाही.

पेन तुमच्या खिशाला लावलंय. संमतीपत्र शोधत बसू नका. ही चिठ्ठी त्याच्याच पाठीवर लिहिलीय, म्हणून तर खाली सही करत नाही.