कुसुममावशीनं सांडलेलं पाणी

प्रिय सुकेशनी,

पत्र बघून हसशील. फोन हातात असताना राजीला हे काय सुचलं, असं म्हणशील. पण तुझा आवाज ऐकला की मी विषय बदलते, दोनदा तसंच झालं. कागद मध्येच काही विचारत नाही, म्हणून हा घाट.

माझी फिल्म पूर्ण झाली. रविवारी परभणीत दाखवायची, तू तुझ्या आईला, कुसुममावशीला घेऊन यायचंस, हे ठरलेलंच आहे. विषय गावातल्या पाण्याचा. आमच्याच आडावर तुमच्या लोकांना पाणी शेंदू देत नसत. आमचे लोक वरून ओतायचे, तुमच्यांनी खाली ओंजळ धरायची. शाळेत आपण एका डब्यात जेवलो, पण यावर कधी बोललो नाही.

शूटिंगच्या दिवशी सकाळी कॅमेऱ्यासमोर मावशी म्हणाली, "मायनं दीक्षा घेतली आन् मला बजावलं, आता कोणाम्होरं ओंजळ करायची न्हाई." माझ्या अंगावर काटा आला. आणि दुपारी त्याच बाईला मी आडापाशी बसवलं! म्हटलं, मावशी, कसं व्हायचं ते लोकांना दिसलं पाहिजे. बन्सीधरकाकांच्या हाती कळशी दिली. किती वरून ओतायचं हे मी सांगितलं नव्हतं. त्यांचा हात आपोआप वर गेला, मावशीची बोटं कळशीला लागणार नाहीत इतका वर. माझ्या घरातलाच हात गं तो. मला लाज वाटली, तरी मी कॅमेरा बंद केला नाही.

मावशीनं ओंजळ धरली. पाणी पडायला लागलं तशी तिनं बोटं फाकवली आणि सगळं खाली जाऊ दिलं. नजर सरळ माझ्याकडे. मला वाटलं, वय झालंय, हात थरथरले असतील. अशी मी शहाणी! म्हटलं, सांडलं मावशी, एकदा परत करू. "तुह्या कामाचं हाय का? बरं," म्हणाली आणि प्यायली. शॉट झकास आला म्हणून आम्ही खूश झालो.

काल तिचा फोन आला. "राजी, म्या पाणी सांडलं तेच ठिव बरं का. पिलेलं काढून टाक. माह्या नातीला तेच दाखवायचंय." मी हो म्हणून बसले.

सुके, ते आता नाही. कॅमेऱ्याच्या कार्डात जागा कमी होती, म्हणून वाया गेलेला शॉट समजून मी तो तिथंच पुसून टाकला. प्यायलेला भाग आज काढला, पण सांडलेला आणू कुठून? शनिवारी देवगाव फाट्यावर उतरून गावी जाते आणि माझ्याच तोंडानं मावशीला सांगते. ती बोलेल ते ऐकून घेईन, तू मध्ये पडू नकोस. तू फक्त एक कर. तुझ्या लेकीला हे पत्र वाचून दाखव. तिच्या आजीनं आमच्या आडाचं पाणी बोटांतून सोडून दिलं होतं. मी समोर उभी होते, मी पाहिलंय.

तोंड दाखवायला लाजणारी, तरी तुझीच,
राजेश्री