कावळा शिवला का, याचा खुलासा

रानशेत, बुधवार

तीर्थरूप हिरकणीताईंच्या पायाशी रानशेतच्या वाडीतून तुमच्या वहिनीचा नमस्कार.

पत्राच्या डोक्यावर श्री घातलेला नाही, तो विसरले म्हणून नाही, सुतक आहे म्हणून. तुमच्या डोळ्याची पट्टी निघाली का? ऑपरेशन डाव्या डोळ्याचं झालं की उजव्या, ते तुमचा सुरज फोनवर सांगत होता, पण तुमच्या वापीला मागे कसली तरी मशीन चालूच असते, त्यात डोळा कुठला ते राहून गेलं. कुठला का असेना, त्याला जपा. डॉक्टरांनी महिनाभर रडायचं नाही म्हणून सांगितलं आणि त्याच आठवड्यात तात्यांनी असं केलं. तुमच्या भावाला वेळ साधणं कधी जमलंच नाही. (आमच्या लग्नात मुहूर्ताला नवरदेव कुठे होता, तर विहिरीवर पंप बघत होता, हे तुम्हाला मी काय सांगायचं.) तुमच्या वाटचंही मी रडून घेतलं आहे, तुम्ही त्याची काळजी करू नका. फोनवरच बोलले असते, पण तुम्हाला ऐकू येत नाही, आणि मला दुःख ओरडून सांगता येत नाही. शेजारचे धावत येतात. म्हणून चौथीपर्यंतच्या शिक्षणावर हे पत्र लिहिते आहे. हे पत्र तुमचं तुम्हीच वाचा, तुमच्या सुनेला वाचायला देऊ नका.

ताई, सुतकात बोलू नये पण मी फार आनंदात आहे. असं कुणाला सांगितलं तर म्हणतील म्हातारीचं डोकं फिरलं. पण तुम्हीच विचार करा. ऋचा आणि पीयूष, आपल्या नविनची दोन्ही पोरं, एकाच वेळी या घरात जेवायला बसली, असं शेवटचं कधी झालं होतं? एक दिवाळीला येते, दुसरा येतो तेव्हा दिवाळी झालेली असते. आता तात्या गेले आणि दोघं एका ताटात भात कालवून जेवली. मी वाढत होते आणि डोळे पुसत होते, आणि मनात म्हणत होते, अहो, अजून चार दिवस आधी गेला असतात तर चार दिवस जास्त राहिली असती. (हे लिहायला नको होतं. खोडलं तर कागद फाटेल.)

तुम्हाला माहीतच आहे, तात्यांच्या जिवाला एकच घोर होता, की ही दोन पोरं नेमकं करतात काय. ऋचाचं तिकडे बंगळूरला मोठ्या प्रयोगशाळेत काम आहे. तिथे म्हणे एक यंत्र आहे, सोनेरी झुंबर उलटं टांगल्यासारखं, आणि त्याच्या टोकाला इतकी थंडी की बर्फ त्यापुढे गरम. त्या थंडीत ती कसला तरी बारीक कण ठेवते. तो एकाच वेळी इथेही असतो आणि तिथेही असतो, पण कोणी बघितलं की बिचारा एकाच जागी येऊन बसतो आणि सगळं बिघडतं. तात्यांनी विचारलं, मग पगार कशाचा? ती म्हणाली, न बिघडवण्याचा. तात्या म्हणाले, चोराचंही तसंच असतं, बघितलं की काम बिघडतं. हसली बिचारी, पण कितीतरी वर्षं झाली, तिचं ते अजून डोळ्याची पापणी लवते ना, तेवढंही टिकत नाही. पुन्हा थंड करायचं, पुन्हा बिघडायचं. तात्यांनी शेवटी कंटाळून गावात सांगून टाकलं की नात फ्रिजची इंजिनीयर आहे. मागच्या दिवाळीला ती आली तर ओसरीवर लोक बसलेले, कुणाचा फ्रिज गळतो, कुणाच्यात बर्फच होत नाही. तिला एकही दुरुस्त करता आला नाही. त्या दिवसापासून रानशेतात तिच्या शिक्षणावर कुणाचा विश्वास राहिला नाही.

आणि आपला पीयूष. फुटबॉलमध्ये गोल अडवायचा. धंदा म्हणून, पगारी. पण ताई, त्यातही तो दुसरा. म्हणजे पहिला गोलकीपर खेळतो आणि हा बाकावर हातमोजे घालून बसतो, पहिल्याला काही झालं तर. पहिले कधी आजारीच पडत नाहीत, काय खातात देव जाणे. तात्या टीव्हीला नाक लावून पूर्ण खेळ बघायचे, कॅमेरा बाकावरून फिरला की पीयूषचं डोकं दिसायचं, तेवढ्यात ते पाणी प्यायला उठलेले असायचे. एकदा तो खेळला, आणि चार गोल खाल्ले. दुसऱ्या दिवशी अच्छाडच्या ढाब्यावर टेम्पोवाल्यांनी विचारलं, तात्या, काल टीव्हीवर तुमचा नातू होता का? तात्या म्हणाले, तो दुसरा पीयूष, आमचा राखणीच्या कामाला आहे. खोटं नाही बोलले तसं. पण त्या रात्री जेवले नाहीत.

आता कालच्या दहाव्याचं सांगते, त्यासाठीच पत्र. डहाणूच्या खाडीवर विधी होते. आभाळ भरलेलं, वारा नाही, पाण्याला कळा नाही. नविनने पिंड मांडला, आम्ही बायका मागे उभ्या. कावळे होते, ताई, कावळ्यांना तोटा नव्हता. पण पलीकडे कोळणींनी बोंबील सुकत घातले होते, आणि सगळे कावळे तिकडे. एक म्हातारी कोळीण लांबूनच ओरडली, “ओ भाऊ, आमचे कावळे भरल्या पोटाचे, तुमचा भात कोण खातो!” भटजी म्हणाले, इच्छा राहिली असेल, बोला. नविन म्हणाला, बाबा, मी आईला बघेन. (बोईसरला राहून कसा बघणार ते कावळ्यालाही कळलं.) तुमचा भाचा, आमचा पुतण्या मनिष पुढे झाला, काका, विहिरीचा कठडा बांधतो. कावळे बोंबलावर. भटजींना बोर्डीला दुसरा दहावा होता, ते घड्याळ बघायला लागले.

तेव्हा मनिषचं लक्ष पीयूषकडे गेलं. मनिषला तुम्ही ओळखता, लहानपणापासून दुसऱ्याचं ताट वाढायला पुढे. म्हणाला, “राखणीचंच काम करायचं तर घरच्या वाडीत कर ना. चिकू चोर नेतात, आजी एकटी. काकांचा जीव त्यातच अडकलाय.” पोरगं आधीच रडून लाल झालेलं. हात जोडून म्हणालं, “आजोबा, मी फुटबॉल सोडतो. वाडीत राहतो.” ताई, आजोबांच्या पिंडासमोर दिलेला शब्द, तो काय परत घेता येतो? पण कावळा आला नाही. एक जवळच्या दगडावर येऊन बसलेला, तोही उठून बोंबलाकडे गेला. हे नीट लक्षात ठेवा, पुढे कामाचं आहे.

मग सगळे ऋचाकडे बघायला लागले. ती म्हणाली, “मी परत येईन असं खोटं बोलणार नाही. पण आजोबांना माझं काम मी कधी नीट समजावून सांगितलं नाही, ते आत्ता सांगते.” आणि पिंडासमोर मांडी घालून बसली आणि सांगायला लागली. तो कण, ती थंडी, बघितल्याशिवाय दोन्हीकडे कसा असतो, सगळं. मला पहिल्यांदा थोडं समजलं. भटजींनी मध्ये दोन शंकाही विचारल्या. बोर्डीचा दहावा विसरले. कावळे मात्र बोंबलावरून मान वाकडी करून ऐकत बसले, आले नाहीत.

शेवटी मी गेले. बायकांनी पुढे जायचं नसतं म्हणून मनिष काहीतरी पुटपुटला, मी ऐकलं नाही. पिंडाजवळ वाकले आणि तात्यांना एक गोष्ट हळूच सांगितली. काय ते कुणाला ऐकू गेलं नाही. आणि पाठ फिरवते तोच वरून कावळा सुटला. सरळ पिंडावर.

आणि ताई, आपला पीयूष!

त्याचा काही दोष नाही. इतकी वर्षं पोराला एकच शिकवलंय, आपल्यामागे काही आहे आणि त्याच्यावर काही जोरात येतंय, तर अडव. तो पिंडाच्या बाजूला मान खाली घालून उभा होता. कावळा आला आणि हा जागच्या जागी आडवा उडाला. असा उडाला, ताई, धोतर नेसलेला, उघडा, हात लांब करून, जमिनीला अंग न लावता! चिखलात पडला तो पलीकडे. कावळा ओरडत वर गेला, एक पीस खाली आलं. मग ती म्हातारी कोळीण टाळ्या वाजवायला लागली, “आडवला रे आडवला! काय पडला पोरगा!” इतकी वर्षं टीव्हीवर ज्याचं डोकंसुद्धा दिसलं नाही, त्याचा खेळ मी डोळ्यांनी बघितला. आजोबांच्या दहाव्याला बघितला, पण बघितला. मला इतका आनंद झाला की मी पदर तोंडात कोंबला, लोकांना वाटलं हुंदका आला.

पण मग भानगड झाली. पिंडाचा एक कोपरा फुटलेला. चोचीने फुटला की पीयूषच्या कोपराने? बघितलं कुणी नाही, सगळे पीयूषकडे बघत होते. भटजींनी तर डोळेच मिटले होते. सगळ्यात जवळ ऋचा, तिला विचारलं, शिवला का? ती म्हणाली, “मी पण पीयूषकडेच बघत होते. सध्या शिवलाही आहे आणि नाहीही.” मनिष भडकला, “पोरी, हे तुझं यंत्र नाही!” भटजी शहाणे, त्यांनी दर्भाचा कावळा केला, पिंडाला लावला, म्हणाले आता दोन्ही बाजूंनी पक्कं, आणि स्कूटरवर बसून बोर्डीला गेले.

घरी आल्यापासून मनिषचं एकच, कावळा शिवला, आणि तो पीयूषच्या शब्दाला शिवला, फक्त यायला उशीर केला. पीयूषलाही तेच पटलंय. आणि बघा नशीब. काल संध्याकाळीच त्याच्या क्लबचा फोन आला. पहिल्या गोलकीपरचा अंगठा मोडला. रविवारपासून पुढचे सगळे सामने पीयूषने खेळायचे. इतकी वर्षं बाकावर बसून ज्याची वाट बघितली तो फोन! हा म्हणाला, “सर, मी सोडलं,” आणि फोन नेऊन तांदळाच्या डब्यात ठेवला. आज सकाळपासून वाडीत चिकू उतरवतोय. मघाशी गोठ्यामागे गेले तर भिंतीवर कच्चा चिकू मारत होता आणि झेलत होता, मारत होता आणि झेलत होता. मला बघून चिकू खिशात घातला. घरात असं मळभ आहे, ताई. ऋचा त्याच्या बाजूला जाऊन बसते. तिचं पापणीएवढं टिकत नाही, याचं यायचं ते आलं आणि यानेच घालवलं.

असो. तेरावं परवा, शुक्रवारी. डोळ्यात धूळ जाऊ देऊ नका. सुरजला, त्याच्या बायकोला आशीर्वाद. लिहिण्यात कमीजास्त झालं असेल तर पदरात घ्या.

तुमची वहिनी

ता. क. तुमच्याकडे माझी लोणच्याची बरणी आहे, निळ्या झाकणाची. तिची घाई नाही.

ता. क. दुसरा. मी पिंडाला काय सांगितलं ते ऋचालाही सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगते. मी म्हटलं, “अहो, हिरकणीताईंना मी घरी आणते, कायमच्या. पोरांना सोडा.” भावोजी गेल्यापासून तात्यांचं तेवढंच होतं, मुलगा-सून कामावर गेली की हिरकणी तिकडे दिवसभर बंद दारामागे एकटी बसते, इथे तिची खोली आहे. तुम्ही दरवेळी म्हणायच्या, भावाच्या घरी पडून राहणार नाही. आता भावाचं घर राहिलं नाही, माझं आहे, आणि मला एकटीला त्यात भीती वाटते. तुम्हाला न विचारता तुमच्या वतीने शब्द दिला, त्याचं काय ते मला समोर बसून बोला. पण कावळा सुटला तो यावर सुटला, पीयूषच्या बोलण्यावर नाही. तुम्ही आलात तर तो शिवला, आणि माझ्या शब्दाला शिवला, मग मनिषलाही तोंड उघडता येणार नाही आणि पोरगं मोकळं झालं. नाही आलात तर काय ते मी लिहीत नाही. ऋचा म्हणते बघितल्याशिवाय काही ठरत नसतं. तुमचा डोळा नवीन आहे, तुम्हीच येऊन बघा.

ता. क. शेवटचा. पत्र घेऊन पीयूषच आलाय, तुमच्या समोर बसला असेल. चिकूचा टेम्पो खाली उभा आहे. त्याला वाटतंय की यात फक्त तेराव्याचं आमंत्रण आहे. त्याच्या सॅकमध्ये अगदी तळाला हातमोजे आहेत, मला दिसले नाहीत असं त्याला वाटतं. तुमचं नाही असेल तर चहा पाजून परत पाठवा, त्याला काही कळणार नाही. हो असेल तर काही बोलू नका, कपड्यांची पिशवी भरा आणि नुसती त्याच्याकडे टाका. लांबून टाकलीत तरी चालेल. तो झेलतो.