राखून ठेवलेला राक्षस

४ फेब्रुवारी

फर्स्ट ड्युटी. सबस्टेशनात एकटी. या आठवड्यात शेतीची लाईट दिवसा, म्हणून फोन कमी. तरी एकाचा आलाच. "ओ म्याडम, लाईट हाये पर मोटर उचलंना!" म्हणलं, दादा, लाईट मी देते, मोटर तुमची तुमी बघा.

घरी येऊन माळ्यावरची पेटी उतरवली. उंदरानं गोधडीची चाळण केली मेल्यानं. तिच्या घडीत धाकट्या भावाचं, सुमेधचं, गेमचं डबडं निघालं. मामानं सिकंदराबादहून जुनं आणून दिलेलं. तेव्हा सु. सातवीत, मी आयटीआयला, इलेक्ट्रिशियनला. हातात मावणारं, दोन पेन्सिल सेलवर चालणारं. लाईट नसली तरी चालायचं, म्हणून बाळापुरात त्याला टीव्हीपेक्षा मान.

सेल आणून टाकले. लागलं की! खिडकीपाशी तिरपं धरलं तेव्हा नीट दिसलं. खेळ जिथं ठेवला होता तिथंच उभा.

५ फेब्रुवारी

सुट्टी. सकाळभर नुसतं बघत बसले.

तिघं आहेत. पुढं सुमू, तलवार घेऊन. मागं ताई, म्हणजे मी, धनुष्यवाली. सगळ्यात मागं आई, जखमा बऱ्या करणारी. नावं सगळी सु.नं टाकलेली. समोर काळ्या किल्ल्याचं दार, आत शेवटचा राक्षस. तो मेला की खेळ खलास.

त्या दिवशी दारापाशी पोचलो आन आईच्या पोटात कळ आली. नांदेडला नेलं. गाडीत बसता बसता सु.नं खेळ तिथंच सेव्ह केला. म्हणला, आई आली की मारू. आई आली न्हाई. डबडं मी गोधडीत गुंडाळून ठेवलं.

आई शेजारी शेंगा फोडत बसायची. "मेला का रे तो?" लई लांब हाय अजून, सु. म्हणायचा. "एवढ्या येळात माझं पोतं फोडून झालं असतं."

या खेळात सेव्ह एकच राहतो. नवा ठेवला की जुना पुसला. म्हणून कोणत्याच बटणाला हात लावला न्हाई, बंद केलं.

७ फेब्रुवारी

सु.ला फोन लावला, बंगलोरला. "हाय अजून ते? भारी! तूच मारून टाक ताई, मला कुठं येळ." दिवाळीला येतो म्हणला होता, न्हाई आला. त्याच्या आधी आईच्या स्मृतिदिनाला. दरवेळी कंपनी आडवी. कंपनी हाय का मांजर?

मी एकटी मारणार न्हाई. तिघांचं काम आहे ते.

१३ फेब्रुवारी

हळद शिजवायचे दिवस. सगळ्या गावात तोच वास, कपड्यांनाबी.

मुंजाजीभाऊंना लाईनवर चढायचं परमिट दिलं. आमचे लाईनमन, रिटायरला आलेले. ब्रेकर पाडला, हँडलला 'लाईनवर माणूस आहे' ची पाटी अडकवली. तरी खांबाखालून फोन. "ताई, बंद हाये ना?" बंद हाये. "बघून सांगा." बघूनच सांगते. "मंग चढतो." रोजचं आहे हे. चूक न्हाई त्यांची. आधी सप्लाय तोडायचा, मग हात लावायचा. आयटीआयच्या पहिल्या दिवसापासून कानात हेच ओतलंय.

२० फेब्रुवारी

डबडं लावलं तर सेव्हच न्हाई! खेळ कोरा. बंद केलं, लावलं. कोरा. परत बंद, परत लावलं, तेव्हा दिसले तिघं. जीव भांड्यात पडला.

मुं.भाऊंना सांगितलं. त्यांना गेममधलं ओ का ठो कळत न्हाई, तरी म्हणले, "आत बारका सेल असंल ताई, घड्याळात असतो तसा. उतरला असंल." बराबर. डबड्यात खुपसायच्या गेमच्या कॅसेटच्या आतच एक चपटा सेल असतो, त्याच्यावरच सगळी आठवण टिकून राहते. सु. शाळेत असताना बसवलेला कुणीतरी, किती वर्षं पुरणार.

२३ फेब्रुवारी

सु.ला सांगितलं, आतला सेल उतरून राहिला, गेला की सगळं जाईल, लवकर ये. हसला. "ताई, गेमसाठी सुट्टी मागू का?"

मग बहिणीसाठी माग की. तोंडाशी आलं होतं, गिळलं.

२ मार्च

घालवलं. सगळं घालवलं.

नवा सेल मुं.भाऊंनी नांदेडहून आणून दिला होता. आज निवांत बसले. कॅसेट उघडली, सोल्डरिंग गन तापवली, जुना सेल काढला, जागा साफ केली, नवा बसवला. किती नीट काम! टाका असा की कुणीबी बघावा. आन मग कळलं काय केलं ते.

आधी सप्लाय तोडला मी. सवयीनं. जन्मभर तेच केलं, हात आपला तिकडंच गेला. ही एकच जागा अशी होती जिथं सप्लाय तोडायचा नव्हता. दुसरा सेल बाजूनं जोडून, मग जुना काढायचा होता. दवाखान्याचा लोड मी रोज असाच एका फीडरवरून दुसऱ्यावर घेते, बल्बसुद्धा लवत न्हाई. आन घरी आईचा लोड टाकून बसले.

लावलं. नवा खेळ. नाव काय, विचारतंय.

लई रडले. स्वैपाक केला न्हाई.

५ मार्च

मुं.भाऊ : "बसवला का सेल?" बसवला. "चालू हाये?" चालू हाये.

खोटं न्हाई बोलले. चालूच आहे. आत कोणी न्हाई, एवढंच.

११ मार्च

सु.चा फोन. स्वतःहून! मला वाटलं कुणी आजारी आहे.

"ताई, मी हिला सगळं सांगितलं." ही म्हणजे प्रिया, त्याची बायको. "ते काळं दार, आईच्या शेंगा, सगळं. सांगता सांगता मलाच कसंतरी झालं. चौदा एप्रिलला, जयंतीला येतो मी. नक्की. दोघं मिळून मारू त्याला. तोवर हात लावू नको हां!"

व्हय म्हणलं. काय म्हणणार दुसरं? इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी न विचारता येतो म्हणला, आन येणार तोही ज्याच्यासाठी, ते मी पुसून बसले. सांगितलं आन तो आलाच न्हाई तर? ही भीती वाटते. लिहून ठेवते, म्हणजे मला तरी खोटं बोलता येणार न्हाई.

१२ मार्च

नवा खेळ सुरू केला. जयंतीपर्यंत काळ्या दारापाशी पोचायचं. त्याला कळायलाच नको.

नावं विचारली. सुमू टाकलं. ताई टाकलं. आई टाकताना बोट थांबलं, मग टाकलं.

१८ मार्च

सेकंड ड्युटी, म्हणून दुपारपर्यंत मोकळी. पहिल्या जंगलात लांडग्यांनी तीनदा लोळवलं. लहानपणी ही कामं माझीच. मोठ्या लढाया सु. मारायचा, मला म्हणायचा, ताई तू नुसतं फिर, बारके बारके मार, आपली ताकद वाढव. मी फिरायचे. ताकद वाढली की डबडं हातातून ओढून घ्यायचा.

शेजारच्या काकू : "वैशाली, सकाळधरून खिडकीत काय करून राहिलीस गं?" डाळ निवडून राहिले म्हणलं. "एवढी डाळ? पाव्हणे हायेत का?" व्हय, भाऊ येणार हाय. सांगताना बरं वाटलं.

२६ मार्च

दलदलीत आई पडली. खेळातली. औषध माझ्याच पिशवीत होतं, द्यायची पाळी यायच्या आत पडली.

बंद केलं. मागच्या सेव्हवरून परत सुरू केलं. आई उभी, जशीच्या तशी. एवढं सोपं.

पुढं खेळावं वाटंना. पालथं घालून ठेवलं.

३ एप्रिल

बर्फाचा डोंगर झाला. ऊन असं की सबस्टेशनच्या आवारात गिट्टीवर पाय ठेववत न्हाई, आन मी घरी बर्फात.

फोनवाल्यांशिवाय कुणाशी बोलले न्हाई. "लाईट कवा येऊन राहिली?" आठ वाजता. "कवा?" आठ वाजता. गेममधली गावातली माणसं अशीच असतात. कितीदाबी जवळ जा, एकच वाक्य बोलतात. सु. त्यांची लई नक्कल करायचा. आता मीच ती झाले. आठ वाजता, दादा, आठ वाजता.

१० एप्रिल

पोचले! काळं दार! तिघं ओळीत उभे. सेव्ह केलं. चहा टाकला, दोन कप टाकला चुकून. दोन्ही मीच पिले.

११ एप्रिल

सु.चा फोन. चौदाला सकाळी नांदेडला उतरतो, पंधराला परत. एकच दिवस. "सुट्टी न्हाई ताई, जमवून आलो."

मग म्हणला, "आईच्या हातात काठी हाय ना अजून? हिला काठीचं सांगितलं, लई हसली."

काठी! विसरलेच होते मी. पहिल्याच गावात आईला एक लाकडी काठी मिळते. पुढं चांगली चांगली हत्यारं मिळाली तरी सु.नं ती आईच्या हातातून काढू दिली न्हाई. म्हणायचा, आईच्या हातात काठीच शोभते, आपल्या पाठीला विचार. आन मी शहाणीनं दुसऱ्याच गावात विकून टाकली. ताकद कमी म्हणून.

फोन ठेवून खेळातल्या सगळ्या गावांतली दुकानं फिरून आले. दुकानदार घेतो, परत देत न्हाई. आईच्या हातात कसलातरी चकाकणारा दंडुका. सु. बघता क्षणी ओळखंल.

१२ एप्रिल

ड्युटीवर मुं.भाऊ जेवायला बसले होते. राहवलं न्हाई, सगळं सांगून टाकलं. सेल, सेव्ह, काठी. भाकरी हातात धरून ऐकत राहिले.

"ताई, त्या राक्षसाला मारायला किती येळ लागतो?"

लागंल अर्धा तास.

"आन मेल्यावर?"

मेल्यावर काय, संपलं.

"मंग दिवसभर काय करणार तुमी दोघं?"

ठेच्याला हात लावला, हाय हाय केलं, पाणी पिले आन खांबावर गेले. मी तिथंच बसून राहिले. "ताई, बंद हाये ना?" म्हणून फोन आला तेव्हा भानावर आले. बंद हाये. बघूनच सांगते.

१३ एप्रिल

मला राक्षस मारायचाच न्हाई. कधीच नव्हता मारायचा. तो जिता आहे तोवर सु.ला यायला काहीतरी कारण आहे. उद्या अर्ध्या तासात तो मरंल, मग सु. मोबाईल बघत बसंल, मी विचारीन अजून भात वाढू का, आन पंधराला तो जाईल. पुढं कशासाठी येईल? माझ्यासाठी? ते त्याला सुचत न्हाई, आन मला मागता येत न्हाई.

पहिल्यापासून सुरू केलं तर एका दिवसात पहिलं जंगलबी होत न्हाई. उरलेल्यासाठी परत यावं लागतं. परत परत यावं लागतं.

पण ते त्याला पटलं पाहिजे. सांगणार आहे सगळं. काठीपासून सांगू का सेलपासून, ते ठरंना.

१४ एप्रिल

विहारात वंदनेला जाऊन आले. पांढरी साडी नेसले, आईची. गल्लीभर निळे झेंडे, पोरं सकाळपासून ढोल बडवून राहिलेत. खीर झाली. बटाट्याची भाजी झाली, त्याला लागते तशी कोरडी.

आत्ताच फोन आला, नांदेडच्या स्टँडवरून. आवाजामागं कंडक्टर ओरडत होता. "बस लागलीये ताई. सेल आणले त्या डबड्याला."

किती आणले?

"दोन. दोनच लागतात ना?"

अजून आण, म्हणलं.

"अर्ध्या तासाचं काम, एवढे काय करायचे?"

बस सुटंल, बस आधी, म्हणलं आन फोन ठेवला.

डबडं खिडकीत लावून ठेवलंय. नवा खेळ. नाव काय, विचारून राहिलंय, जागा रिकामी ठेवलीये. नाव टाकून सेव्ह केलं की काळं दार गेलं. बंद करून परत लावलं की दार आहे तिथंच. दोन्ही त्याच्या हातात देणार.

पुढच्या चौकात बसचा हॉर्न वाजला. त्याची नसंल, एवढ्यात कशी येईल. तरी पदर सारखा केला.